चावी फिराव

पर्वत पाटियाच्या नाक्यावर शालिग्रामला सगळे मास्तर म्हणत. नव्या माणसाला वाटे, हा पूर्वी शाळेत शिकवत असणार. शाळेचा आणि त्याचा संबंध नववीतच तुटला होता. तो मास्तर लूमचा. अमळनेरकडून सुरतेला आला तेव्हापासून कडोदऱ्याच्या एका लूमच्या कारखान्यात बिघडलेले यंत्रमाग दुरुस्त करण्यात त्याची उमेदीची सगळी वर्षं गेली. त्या खडखडाटात एका कानाने ऐकू येईनासं झालं, तेव्हा त्याने ते काम सोडलं आणि नाक्यावर गाड्यांच्या वायरिंगचं दुकान टाकलं. यंत्र बदललं, हातातला पक्कड-पाना तोच राहिला. नावही तेच राहिलं.

लूमची एक सवय मात्र त्याच्या हाडात मुरली होती. लूममध्ये हात घालायचा तर आधी मेन स्विच पाडायचा, मग दुसरं सगळं. त्याच्या साडूने एकदा घाई केली होती, आणि त्या साडूला आता उजव्या हाताने शर्टाचं बटण लावता येत नाही. तेव्हापासून चालू यंत्राला शिवायचं नाही, असा शालिग्रामने कानाला खडाच लावला. दुकानात गाडी आली की तो आधी चावी काढून स्वतःच्या खिशात टाकायचा आणि मगच डॅशबोर्डखाली वाकायचा. ड्रायव्हर लोक हसायचे. हसू देत, बोटं माझी आहेत, असं तो म्हणायचा.

वायरिंगच्या कामाला ही सवय चांगलीच होती. घोळ झाला तो योगेंद्रने दुकानात केबल आणली तेव्हा.

योगेंद्र हा त्याचा मुलगा. डिप्लोमा झालेला, हुशार, आणि बापाची टिंगल केल्याशिवाय ज्याला चहा जात नाही असा. आता गाड्या नुसत्या तारांवर चालत नाहीत, आबा, असं म्हणून त्याने एक जुना लॅपटॉप आणि एक केबल आणली. केबल म्हणजे एका टोकाला लॅपटॉपची पिन आणि दुसऱ्या टोकाला डॅशबोर्डखालच्या सॉकेटात बसणारं काळं डबडं. डबड्यात नखाएवढी चिप. ती चिप गाडीला विचारते, बाई, तुझं कुठे दुखतंय, आणि गाडी जे सांगेल ते लॅपटॉपवर दाखवते. पण त्यासाठी गाडीची चावी चालू लागते. चावी बंद असली की गाडी मुकी.

शालिग्राम सवयीने चावी काढून खिशात टाकायचा, केबल लावायचा आणि लॅपटॉपपुढे बसून राहायचा. काही येत नाही म्हटल्यावर केबलला शिव्या घालायचा. मग दुकानाच्या दुसऱ्या कोपऱ्यातून योगेंद्र ओरडायचा, “आबा, चावी फिराव!” दिवसातून किती वेळा, याची गणती नव्हती. शेवटी पोरगा वैतागला. एका रविवारी त्याने ते डबडं उघडलं, चिपमधलं मूळचं सगळं पुसलं आणि स्वतः जुळवलेला प्रोग्राम तिच्यात भरला. जुन्या डिझेल गाड्यांशीही बोलता यावं म्हणून आत दोन तारा डाख देऊन जास्तीच्या जोडल्या. आणि जाता जाता एक चावटपणा केला. गाडी उत्तर देत नसली की केबलचं नाव लॅपटॉपच्या चौकटीत उमटतं. त्या नावाच्या जागी त्याने इंग्रजी अक्षरांत आपलं वाक्य बसवलं. दुसऱ्या दिवशी शालिग्रामने केबल लावली आणि भर गिऱ्हाइकासमोर चौकटीत उमटलं: आबा, चावी फिराव.

“मशीनकडथीन बापले शिकाडस का रे?” शालिग्राम चिडून म्हणाला. योगेंद्र हसून हसून टायरावर बसला. गिऱ्हाईकही हसलं. शालिग्रामने चावी फिरवली, कारण दुसरं करण्यासारखं काहीच नव्हतं.

मागल्या वर्षी आषाढात योगेंद्रला ताप आला. डेंग्यू निघाला. लग्नासाठी ज्याला मुली बघायला सुरुवात झाली होती तो पोरगा आठवड्याच्या आत गेला.

शालिग्राम रडला नाही. स्मशानात नाही, घरी नाही, सुतक फिटलं त्या गंधमुक्तीच्या दिवशीही नाही. गावाकडून भाऊबंद आले होते, ते वाट बघत होते. शालिग्रामची थोरली बहीण तर सगळ्यांसमोर म्हणाली, “याले कोनी रडाडा रे, नहीतं आतल्या आत मरी जाई.” त्याने ते ऐकलं आणि मंडपवाल्याच्या खुर्च्या मोजून परत दिल्या. त्याचा काही दगड झाला नव्हता. भूक लागत होती, झोप येत होती, गिऱ्हाइकाने विचारलेल्या प्रश्नाला बरोबर उत्तर जात होतं. फक्त आतला मेन स्विच कुणीतरी पाडून ठेवला होता, आणि तो कुठे आहे हे त्याला सापडत नव्हतं. बायको सुंदरा रात्रंदिवस रडायची, तिचा त्याला हेवा वाटायचा.

दुकान पुन्हा उघडलं त्या दिवशी पहिली गाडी आली. त्याने सवयीने चावी काढली, केबल लावली, आणि चौकटीत पोरगा बोलला. आबा, चावी फिराव.

शालिग्राम बराच वेळ बघत बसला. पोटात कुठेतरी किंचित हललं. मग त्याने चावी फिरवली.

त्यानंतर तो चावी कधीच विसरला नाही, हे खरं तर सांगायला हवं. आता तो ती मुद्दाम काढून ठेवायचा. गाडी लहान असो, मोठी असो, बिघाड केबलने बघण्यासारखा असो वा नसो, आधी चावी खिशात, मग केबल. वाक्य आलं की वाचायचं, पोटात जे काही हलायचं ते हलू द्यायचं आणि कामाला लागायचं. दिवसभरात त्याला जाणवणारी तेवढी एकच गोष्ट होती. घरी त्याने हे कुणाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर सुंदरा दुकानात येऊन बसली असती.

असं वर्ष जात आलं. आणि मग गोपाळने चांगुलपणा केला.

गोपाळचं शेजारी सीटकव्हरचं दुकान. माणूस नंदुरबारकडचा, मनाने सोन्यासारखा, पण दुसऱ्याच्या दुःखात आपला हात लावल्याशिवाय त्याला चैन पडत नाही. त्याने दुकानात नवीन वायफाय घेतलं होतं. “मास्तर, दुपारी एकटे बसून भिंतीकडे काय बघता? भजनं लावा. जीव रमेल,” असं म्हणत त्याने आपण होऊन शालिग्रामचा लॅपटॉप त्या वायफायला जोडून दिला. हा लॅपटॉप इंटरनेटला लावायचा नाही, असं योगेंद्रने बजावून ठेवलं होतं. का, ते शालिग्रामने विचारलं नव्हतं. आणि त्या दुपारी गोपाळला नाही म्हणण्याइतकीही ताकद त्याच्यात नव्हती.

भजन लागलं. तेवढ्यात एक गाडी आली. केबल लावल्यावर लॅपटॉपवर इंग्रजीत एक लांबलचक मजकूर आला आणि खाली दोन बटणं आली. शालिग्रामला इंग्रजी अक्षरं जुळवून वाचता येत, अर्थ कळत नसे. त्याने हिरवं बटण दाबलं. आजकाल तो सगळ्यांना होच म्हणत होता. केबलच्या डबड्यावरचा दिवा दोनदा लुकलुकला आणि विझला, आणि पुन्हा काही केल्या लागला नाही.

केबल अस्सल नव्हती, नकली होती. इंटरनेट मिळताच लॅपटॉपमधल्या मूळ कंपनीच्या प्रोग्रामने ती ओळखली आणि निकामी करून टाकली. हे त्याला नूतनने सांगितलं.

नूतन योगेंद्रच्या पाठची. हजीऱ्याच्या एका कारखान्यात मोजमापाच्या यंत्रांवर नोकरीला आहे. पहाटे कंपनीची बस धरते, दिवेलागणीला गोडादऱ्याच्या घरी येते. भावासारखी ती बोलघेवडी नाही, पण हात त्याच्याइतकाच स्थिर. सुट्टीच्या दिवशी ती दुकानात आली, डबड्याचे स्क्रू काढले आणि झाकण उघडलं. आत योगेंद्रने जोडलेल्या त्या दोन तारा होत्या. एका डाखाचा गोळा जरा जास्तच मोठा झाला होता.

“घाईत केलंय,” ती म्हणाली आणि तिने नाक पुसलं.

तिने चिपला बारीक तारा लावल्या, आपला लॅपटॉप जोडला, बराच वेळ खटपट केली. शालिग्राम स्टुलावर बसून होता. त्याला एकच विचारायचं होतं.

“ते वाक्य शे का अजून आत?”

नूतनला ते वाक्य माहीत होतं. घरात सगळ्यांना माहीत होतं, योगेंद्रने त्याची बढाई कुठे मारली नव्हती? पण बाप वर्षभर त्यावर जगतोय, हे तिला त्या क्षणी कळलं.

“आहे, आबा. आत आहे. पण भाऊने चिपला कुलूप घातलंय. नाक्यावरच्या दुसऱ्या कुणी त्याचा प्रोग्राम उतरवून घेऊ नये म्हणून. आतलं कुणालाच वाचता येत नाही आता, मलाही नाही.”

“मंग कुलूप उघाड.”

“या कुलपाला किल्ली नसते. ते उघडायचं म्हणजे आधी आतलं सगळं पुसावं लागतं. मग चिप कोरी होते, मग मी नवीन प्रोग्राम भरू शकते. केबल चालायला लागेल. जुन्या गाड्यांनाही चालेल, भाऊच्या तारा आहेतच. पण...”

पुढचं शालिग्रामला कळलं होतं. केबल मेलेली ठेवली तर वाक्य आत राहणार, पण बोलणार नाही. केबल जिवंत केली तर वाक्य जाणार.

“भाऊच्या लॅपटॉपवर त्याची मूळ फाईल असेल म्हणून मी सगळं धुंडाळलं,” नूतन म्हणाली. “नाही. कुठेच नाही. त्याने ठेवलीच नाही, आबा. त्याला वाटलं असेल, कशाला लागेल?”

“ऱ्हाऊ दे,” शालिग्राम म्हणाला. त्याने डबडं उघडंच उचललं, रुमालात गुंडाळलं आणि गणपतीच्या तसबिरीमागे ठेवून दिलं. नूतनने स्क्रू गोळा करून एका काडेपेटीत घातले.

गोपाळला अपराधी वाटत होतं. त्याने कुठूनतरी एक नवी केबल आणून दिली, पैसे घेतले नाहीत. ती नव्या गाड्यांशी बोलायची, जुन्यांशी नाही. आणि शालिग्रामची गिऱ्हाइकं बहुतेक जुनीच. हजीऱ्याला माणसं नेणाऱ्या-आणणाऱ्या त्या दमलेल्या डिझेल गाड्या, ज्यांना दुसरीकडे कुणी दारात उभं करत नाही. त्यांचे ड्रायव्हर योगेंद्र असल्यापासून इथेच येत. आता शालिग्राम एकेकाला परत पाठवू लागला. अक्षय नावाचा एक ड्रायव्हर तर पुन्हा पुन्हा आला. त्याची गाडी मध्येच धूर सोडून ताकद टाकायची, आणि कारण काही सापडत नव्हतं.

“मास्तर, ती जुनी केबल होती ना, योगीभाईची? ती लावा की.”

“खराब झाली.”

“मग नीट करा. तुम्ही नाही करणार तर कोण करणार?”

अक्षय गेला. त्याच्या गाडीचा धूर नाक्यावर रेंगाळत राहिला. शालिग्राम गणपतीच्या तसबिरीकडे बघत बसला. दुकान असं चाललं तर बंद पडेल, हे त्याला दिसत होतं. त्याची भीती मात्र वाटत नव्हती. भीती वाटायला हवी, असं फक्त वाटत होतं.

श्रावण लागला. नागपंचमी झाली, आणि कानबाई आली. कानबाई म्हणजे खानदेशातल्या घराघरांची आई. सुरतेत येऊन पिढ्या झाल्या तरी गोडादऱ्याच्या गल्ल्यांत नागपंचमीनंतरच्या रविवारी ती चौरंगावर बसतेच. मागल्या श्रावणात सुतक होतं म्हणून शालिग्रामकडे ती बसली नव्हती. यंदा बसवायची, असं सुंदराने ठरवलं. रडून रडून तीच आधी उभी राहिली होती.

कानबाईच्या रोटांचं, म्हणजे तिच्या नैवेद्याच्या पुरणपोळ्यांचं, दळण साधं नसतं. घरात जितके पुरुष, तितक्यांच्या नावाने प्रत्येकी सव्वा मूठ गहू. मोजून घ्यायचे, वेगळे दळायचे, आणि त्या पिठाचं जे रांधलं जाईल ते घरच्यांनीच खायचं. बाहेरच्याला घास द्यायचा नाही आणि काही टाकायचं तर मुळीच नाही. शालिग्रामकडे ही मूठ घरच्या कर्त्याने भरायची रीत. सुंदराने नवं सूप पुढे ठेवलं, गव्हाचा डबा उघडला, आणि ती तांब्या आणायला आत गेली.

शालिग्रामने हात धुतले. पहिली मूठ घेतली, वर पाव मूठ टाकली. पुन्हा हात घातला, दुसरी मूठ भरली, वर पाव मूठ टाकली. गेली सत्तावीस-अठ्ठावीस वर्षं हात असाच चालत आला होता. डोकं कुठेतरी दुसरीकडे होतं, खरं म्हणजे कुठेच नव्हतं.

सुंदरा तांब्या घेऊन दारात उभी राहिली. सुपात गव्हाचे दोन ढीग होते.

“हाई कोनी मूठ?” तिने विचारलं.

शालिग्रामने सुपाकडे पाहिलं. त्याचा हात अजून डब्यातच होता.

“चुकनं,” तो म्हणाला, आणि दुसरा ढीग ओंजळीत घेऊन डब्यात परत टाकायला लागला.

“नको!” सुंदरा एवढ्या जोराने ओरडली की नूतन मोरीतून धावत आली. सुंदराने तांब्या खाली ठेवला, त्याच्या मनगटाला धरलं. “आईना नावनं उचलेल दाना परत टाकतस नही.”

“मंग आते काय करानं?”

सुंदरा खाली बसली. तिने दोन्ही ढीग हाताने एकत्र केले, सावकाश, एकही दाणा बाहेर जाऊ न देता.

“रांधसू,” ती म्हणाली. “त्याना वाटाना रोट व्हतीन. आपण तिन्ही मिळीसन खाई संपाडूत. ठेईसन काय व्हई? नासी जाई.”

हे बोलताना ती रडली नाही. शालिग्रामला वाटलं, आता आपल्याला रडू येणार. त्याने वाट पाहिली. आलं नाही.

रविवारी कानबाई बसली, सोमवारी गल्लीतल्या सगळ्या कानबाया वाजतगाजत तापीवर गेल्या. नूतन डोक्यावर चौरंग घेऊन आईच्या पुढे चालली. दोन्ही दिवस ताटात पुरणपोळ्या आल्या. सुंदरा आधी त्याला वाढायची, मग त्याच्याच ताटात आणखी एक टाकायची. ती कुणाच्या वाट्याची, हे कुणी बोलत नव्हतं. शालिग्राम खात होता. गोड लागत होतं, म्हणजे गोड आहे हे जिभेला कळत होतं. सोमवारी संध्याकाळी डब्यात शेवटची पोळी उरली. सुंदराने तिचे तीन तुकडे केले. शालिग्रामने आपला तुकडा तोंडात टाकला, सावकाश चावला, गिळला, आणि डबा रिकामा झालेला पाहिला. सुंदराने लगेच तो घासायला घेतला. तिचे हात कसे चालतात ते तो बघत राहिला.

मंगळवारी नूतनची सुट्टी होती. सकाळी चहा पिता पिता तो म्हणाला, “चाल, दुकानवर जाऊत. ती केबल पुस.”

नूतनने कप खाली ठेवला. “नक्की, आबा?”

“हां.”

तिने आपला लॅपटॉप पिशवीत घातला.

दुकानात आल्यावर त्याने गणपतीमागून रुमाल काढला. नूतनने डबड्यातली चिप बारीक तारांनी जोडली. दुकानासमोरून कापडाचे गठ्ठे भरलेले टेम्पो जात होते, आणि प्रत्येक टेम्पोला टेबल थरथरत होतं. तिने डावा तळहात डबड्यावर ठेवला, ताप बघावा तसा.

“आबा, एक विचारू? नव्या प्रोग्राममध्येही नावाची जागा आहे. मी तेच लिहू शकते. तीच अक्षरं, तसंच दिसेल. तुम्हाला फरक कळणारही नाही.”

शालिग्रामला ते हवं होतं. इतकं हवं होतं की हो म्हणायला त्याने तोंड उघडलं. गेल्या कितीतरी दिवसांत त्याला काही हवंसं वाटलं नव्हतं. पण मग त्याला दिसलं की चौकटीत ती अक्षरं येतील आणि ती नूतनने बसवलेली आहेत हे त्याला दर वेळी माहीत असेल.

“नको,” तो म्हणाला. “तू लिखशी तं ते तुनं व्हई. त्यानं नही.”

“मग काय लिहू?”

“कोरं ऱ्हाऊ दे.”

नूतनने बटण दाबलं. लॅपटॉपवर एक निळी पट्टी डावीकडून उजवीकडे भरत गेली, चहा फुंकून घोट घ्यावा तेवढ्या वेळात. बस्स, इतकंच. योगेंद्रने एका आख्ख्या रविवारी जे केलं ते पुसायला एवढाच वेळ लागला. नूतन टेबलावर डोकं ठेवून रडायला लागली. शालिग्रामने तिच्या पाठीवर हात ठेवला आणि थोपटत राहिला. त्याला स्वतःची लाज वाटत होती. बाप आपण, आणि रडते ही.

“व्हयनं?” त्याने विचारलं.

“पुसलं,” ती म्हणाली. तिने डोळे पुसले, नवीन प्रोग्राम भरला, डबड्याचं झाकण लावलं, काडेपेटीतून स्क्रू काढून घट्ट पिळले. केबल लॅपटॉपला लावली तेव्हा डबड्यावरचा दिवा लागला. लॅपटॉप कुठल्याच वायफायला जोडलेला नाही हे तिने स्वतः बघितलं, आणि गोपाळच्या दुकानात जाऊन त्यालाही बजावून आली.

गोपाळनेच अक्षयला फोन केला असणार, कारण दुसऱ्या दिवशी सकाळी शटर वर जायच्या आधीच त्याची गाडी दारात उभी होती.

“मास्तर, ऐकलं की केबल नीट झाली.”

“बघू,” शालिग्राम म्हणाला.

अक्षय स्टिअरिंगवरून उतरला आणि बाजूच्या सीटवर जाऊन बसला. शालिग्राम ड्रायव्हरच्या जागी बसला. लॅपटॉप मांडीवर घेतला. हात आपोआप गेला, चावी निघाली, खिशात पडली. मग तो डॅशबोर्डखाली वाकला, सॉकेट चाचपलं, केबल बसवली. दिवा लागला. त्याने लॅपटॉपवर बटण दाबलं, जसं रोज दाबत होता तसं.

गाडी मुकी. चौकट आली. चौकटीत काही नव्हतं.

शालिग्राम बघत बसला. त्याने काही चुकीचं केलं नव्हतं, वर्षभर हेच करत होता. आता वाक्य येईल आणि मग चावी फिरवायची, एवढंच करायचं राहिलं होतं. नाक्यावर हॉर्न वाजत होते. गोपाळ आपल्या दुकानासमोर पाणी शिंपडत होता. पांढऱ्या चौकटीत कर्सर लुकलुकत होता, तेवढाच. तो वाट बघत राहिला. आपण कशाची वाट बघतोय हे त्याला ठाऊक होतं, आणि ते येणार नाही हेही ठाऊक होतं. स्वतःच्या तोंडाने कोरं राहू दे म्हणून सांगितलं होतं. तरी तो वाट बघत राहिला.

अक्षयने एकदा त्याच्याकडे पाहिलं, एकदा लॅपटॉपकडे.

मग शालिग्रामच्या तोंडून आपोआप बाहेर पडलं. मोठ्याने, जरा वैतागून, दुकानाच्या दुसऱ्या कोपऱ्यातून ओरडावं तसं:

“आबा, चावी फिराव!”

आवाज त्याचाच होता, बोलणं पोराचं होतं. तो हेल, ते ‘फिराव’ लांबवणं, त्यातलं हसू, सगळं तसंच्या तसं. त्याचा तो एक कान गेलेला होता, पण हे त्याला दोन्ही कानांनी ऐकू आलं. त्याने खिशात हात घातला. चावी सापडेना. सापडली, तर भोकात जाईना. शेवटी ती गेली. त्याने फिरवली. डॅशबोर्डवरचे दिवे एकापाठोपाठ एक लागले, लॅपटॉपवर ओळी भराभर येऊ लागल्या, गाडी आपलं सगळं दुखणं सांगू लागली, आणि शालिग्रामने स्टिअरिंगवर कपाळ टेकलं. त्याच्या पोटातून असा आवाज निघाला की गोपाळच्या हातातला मग खाली पडला.

तो रडला. वर्षभराचं रडला. नाकातोंडातून पाणी आलं, टोपी खाली पडली, खांदे हॉर्नवर आदळून हॉर्न वाजला. गोपाळ धावत आला आणि दाराशी थबकला. त्याने हात पुढे केला, मग मागे घेतला, आणि पहिल्यांदाच काही न करता नुसता उभा राहिला.

अक्षय घाबरून गेला होता. त्याने लॅपटॉप सांभाळून स्वतःच्या मांडीवर घेतला आणि त्यावरच्या लाल ओळी वाचायचा प्रयत्न केला. त्याला काही कळलं नाही.

“मास्तर,” तो हळूच म्हणाला, “गाडीत काही मोठं निघालं का?”

शालिग्रामने मान वर केली. शर्टाच्या बाहीने डोळे पुसले, पुन्हा भरले, पुन्हा पुसले.

“नाही रे,” तो म्हणाला. “गाडीचं काही नाही. चावी फिरवायची राहिली होती.”